चार ओळींचा दिनविशेष

दिनविशेष लिहायला घेण्याआधी फळा मोजा. नाशिकला अशोकस्तंभाजवळ माझं वह्या-पेनांचं दुकान आहे. शटरशेजारी टांगलेला फळा तीन फूट बाय दोन. वर तारीख, वार, तिथी आणि खाली ठसठशीत अक्षरात चार घटना, एवढंच त्यावर मावतं. पाचवी घुसवली की अक्षर बारीक होतं, आणि मग स्कूटरवरचा माणूसही वाचत नाही आणि रिक्षावालाही नाही. मोबाइलवर कुठल्याही तारखेला शंभरेक घटना सहज मिळतात, तेव्हा घटना शोधणं हे आता काम राहिलेलंच नाही. चार कोणत्या ठेवायच्या आणि त्या चारही खरंच त्याच दिवशीच्या आहेत का, खरं काम हे आहे. शाळेतल्या बाई, सोसायटीचा फळा सांभाळणारे काका, झालंच तर प्रकल्पवही घेऊन येणारी पोरं, सगळेच विचारतात, म्हणून माझी रीत लिहून ठेवते.

आधी गावातल्या पाट्या वाचा

सुरुवात इंटरनेटपासून करू नका, गावापासून करा. एक दोनशे पानी वही घ्या आणि पानाला दोन तारखा टाका, म्हणजे २९ फेब्रुवारी धरून वर्ष मावतं आणि थोडी पानं उरतात. मग आपल्या गावातली मैदानं, नाट्यगृहं, चौक, स्मारकं आठवा. प्रत्येक नावामागे निदान एक तारीख असतेच.

नाशिकचंच घ्या. सगळं शहर ज्याला गोल्फ क्लब म्हणतं, त्या मैदानाचं नाव हुतात्मा अनंत कान्हेरे मैदान. २१ डिसेंबर १९०९ ला कान्हेऱ्यांनी इथल्या विजयानंद नाट्यगृहात कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या. १९ एप्रिल १९१० ला ठाण्याच्या तुरुंगात कान्हेरे, कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे यांना फाशी झाली. एका मैदानाने दोन तारखा दिल्या. पांडवलेण्यांच्या पायथ्याशी फाळके स्मारक आहे. दादासाहेबांचा जन्म त्र्यंबकेश्वरचा, ३० एप्रिल १८७०, आणि मृत्यू नाशिकचा, १६ फेब्रुवारी १९४४. गंगापूर रोडला कुसुमाग्रज स्मारक, म्हणजे २७ फेब्रुवारी १९१२ आणि १० मार्च १९९९. पंचवटीत काळाराम मंदिर. तिथे २ मार्च १९३० ला डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली मंदिरप्रवेशाचा सत्याग्रह सुरू झाला. गांधीजींची दांडीयात्रा त्यानंतर दहा दिवसांनी निघाली, हे मी मुद्दाम लिहिते, कारण दांडी प्रत्येक मुलाला पाठ असते आणि काळारामाच्या दारावरून रोज सायकल दामटणाऱ्या मुलाला त्या दाराशी काय घडलं ते ठाऊक नसतं. जरा बाहेर पडलात तर भगूर (२८ मे १८८३, सावरकरांचा जन्म) आणि येवला (१३ ऑक्टोबर १९३५, बाबासाहेबांची धर्मांतराची घोषणा).

आता या तारखांखाली बाहेरचं जग भरा. गंमत इथून सुरू होते. १९ एप्रिलला कान्हेऱ्यांच्या खाली १८८२ साली गेलेला डार्विन येतो, आणि १९७५ साली सोव्हिएत भूमीवरून सुटलेला आर्यभट्ट, आपला पहिला उपग्रह. २१ डिसेंबरला १९१३ सालचं शब्दकोडं येतं, न्यूयॉर्कच्या एका वृत्तपत्रात छापलेलं पहिलंवहिलं. १० मार्चचं पान तर शोधायलाच नको. १८७६ मध्ये बेलने टेलिफोनवरून शेजारच्या खोलीतल्या वॉटसनला हाक मारली. १८९७ मध्ये प्लेगच्या रुग्णांची सेवा करता करता सावित्रीबाई फुले गेल्या. १९२२ मध्ये गांधीजींना अटक झाली. १९९९ मध्ये नाशिकमध्ये कुसुमाग्रज गेले. चार ओळी भरल्या.

क्रम सालाप्रमाणेच हवा असा हट्ट धरू नका. माझ्या फळ्यावर जवळचं वर आणि लांबचं खाली. १० मार्चला पहिली ओळ सावित्रीबाईंची, दुसरी कुसुमाग्रजांची, आणि टेलिफोन शेवटी, कारण तो कुठेही वाचायला मिळतो.

योगायोगाने फार हरखू नका

दोन मोठी माणसं एकाच तारखेला जन्मली की लोकांना त्यात काहीतरी दैवी वाटतं. दुकानात पोरं जमली की मी एक खेळ करते. तेवीस जण असले, तर त्यातल्या दोघांचा वाढदिवस एकाच तारखेला असण्याची शक्यता निम्म्याहून जास्त असते. पन्नासच्या वर्गात तर अशी जोडी जवळपास हमखास सापडते. पोरांचा विश्वास बसत नाही, मग ती वर्गात जाऊन मोजून येतात. तेवीस माणसांत जे होतं, ते इतिहासातल्या हजारो माणसांत होणारच. म्हणून 'काय विलक्षण योगायोग!' असं फळ्यावर लिहू नका. दोन ओळी एकाखाली एक ठेवा, वाचणाऱ्याला डोळे आहेत.

तरीही काही जोड्या अशा आहेत की त्या दिवशी मी तिसरी ओळ लिहितच नाही. १ ऑगस्ट १९२० ला मुंबईत सरदारगृहात लोकमान्य टिळक गेले. त्याच तारखेला, त्याच साली, वाटेगावात अण्णा भाऊ साठे जन्मले. टिळक गेले ते ३१ जुलैची मध्यरात्र उलटल्यावर. थोडं आधी घडतं तर ही जोडी पुस्तकांत आलीच नसती. टिळकांचीच दुसरी जोडी २३ जुलैची. १८५६ ला ते जन्मले, आणि बरोबर पन्नास वर्षांनी, १९०६ ला, चंद्रशेखर आझाद. परदेशातली हवी असेल तर ४ जुलै १८२६. अमेरिकेच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याला पन्नास वर्षं पुरी झाली त्याच दिवशी त्या जाहीरनाम्याचे दोन कर्ते, जॉन अॅडम्स आणि थॉमस जेफरसन, दोघेही गेले. ४ जुलैलाच १९०२ साली स्वामी विवेकानंदही गेले, ती ओळ आपल्याकडे वर घ्या.

याच्या उलट काही तारखा जुळलेल्या नसतात, जुळवलेल्या असतात, आणि माझ्या मते त्या जास्त बोलक्या. राज्यघटना २६ नोव्हेंबर १९४९ ला स्वीकारली गेली, मग अंमल दोन महिन्यांनी का? कारण २६ जानेवारी १९३० ला देशभर पूर्ण स्वराज्याची शपथ घेतली होती आणि तो दिवस राखायचा होता. १५ ऑगस्टचंही तसंच. माउंटबॅटनने ती तारीख निवडली ती जपानच्या शरणागतीला दोन वर्षं होत होती म्हणून. नागपूरची धम्मदीक्षा १४ ऑक्टोबर १९५६ ला झाली, कारण त्या दिवशी विजयादशमी होती, अशोक विजयादशमी. इथे निवडली गेली ती तिथी, तारीख मागून आली. अशा नोंदीत 'म्हणून' हा शब्द लिहायला जागा ठेवा. तेवढ्या एका शब्दाने ओळ जिवंत होते.

तारीख एक, पण दिवस एकच का?

हा भाग सावकाश वाचा. फळे चुकतात ते इथेच.

२३ एप्रिलला दरवर्षी मोबाइलवर येतं की शेक्सपिअर आणि सर्वांतिस एकाच दिवशी, २३ एप्रिल १६१६ ला गेले. तारीख एक होती, दिवस नव्हता. स्पेनमध्ये तेव्हा नवी ग्रेगरियन दिनदर्शिका चालू झाली होती, इंग्लंड अजून जुन्या ज्युलियनवर होतं, आणि दोघींत दहा दिवसांचं अंतर होतं. इंग्लंडचा २३ एप्रिल म्हणजे स्पेनचा ३ मे. (सर्वांतिसचं निधन बरेच अभ्यासक २२ ला धरतात, तो भाग वेगळा.) म्हणजे आजच्या दिनदर्शिकेने शेक्सपिअर ३ मेच्या पानावर जायला हवा. आपल्या वहीत त्या पानावर कोण आहे? फाळके. ३ मे १९१३ ला मुंबईत त्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लोकांसाठी लागला. मला ही जोडी सर्वांतिसपेक्षा जास्त आवडते.

इंग्लंडने १७५२ मध्ये दिनदर्शिका बदलली. २ सप्टेंबरनंतर थेट १४ सप्टेंबर उजाडला. त्यामुळे इंग्रजांच्या त्याआधीच्या नोंदींतली तारीख पाहिली की जरा थांबा. गॅलिलिओ गेला त्याच वर्षी न्यूटन जन्मला, असं लिहिलेलं दिसतं. गॅलिलिओ ८ जानेवारी १६४२ ला गेला तो इटलीच्या नव्या दिनदर्शिकेने. न्यूटनचा २५ डिसेंबर १६४२ हा इंग्लंडच्या जुन्या दिनदर्शिकेचा आहे. नव्याने मोजला तर ४ जानेवारी १६४३ येतो आणि 'त्याच वर्षी' गळून पडतं. त्याऐवजी खणखणीत जोडी घ्या. ८ जानेवारी १९४२, गॅलिलिओनंतर बरोबर तीनशे वर्षांनी, स्टीफन हॉकिंग जन्मला. रशियाची 'ऑक्टोबर' क्रांती आपल्या नोव्हेंबरात, ७ तारखेला येते, तीही याच कारणाने.

हे सगळं परदेशापुरतं आहे असं समजू नका. शिवराज्याभिषेकाची ६ जून १६७४ ही तारीख ज्युलियन आहे. ग्रेगरियनने तोच दिवस १६ जून येतो. मुळातली नोंद ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६. म्हणूनच रायगडावर ६ जूनलाही सोहळा होतो आणि तिथीलाही. फळ्यावर मी ६ जूनच लिहिते, कारण शासनाची आणि शाळांची तारीख तीच. पण खाली तिथी आणि शके देते. ६ जून १९४४ च्या नॉर्मंडीच्या लढाईशी मात्र त्याची जोडी लावत नाही.

शके आलंच आहे तर रूपांतर शिकून घ्या, सोपं आहे. शकात ७८ मिळवा. १५९६ मध्ये ७८ मिळवले की १६७४. पण घटना १ जानेवारी ते गुढीपाडवा या काळातली असेल तर ७९ मिळवा, कारण इंग्रजी साल बदललेलं असतं आणि शक अजून बदललेला नसतो. शिवजन्म फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१. फाल्गुन म्हणजे पाडव्याआधी, म्हणून १६३०. इथे ७८ मिळवलेत तर अख्खं वर्ष चुकतं. नेमका दिनांक काढायला मात्र जंत्रीच लागते, तोंडी हिशेबावर विसंबू नका.

संक्रांतीचं आणखी एक. पानिपतचं तिसरं युद्ध १४ जानेवारी १७६१ चं, आणि आपल्याकडे सर्रास म्हणतात की ऐन संक्रांतीला मराठ्यांवर संक्रांत आली. ऐकायला ठीक आहे. पण संक्रांत इंग्रजी तारखेशी बांधलेली नाही, साधारण सत्तर वर्षांत ती एक दिवस पुढे सरकते. विवेकानंदांचा जन्म १२ जानेवारी १८६३ चा आणि त्या दिवशी मकरसंक्रांत होती. मग त्याच्याही शंभर वर्षं आधी ती १४ ला कशी असेल? १२ च्याही अलीकडेच असणार. पानिपतची ओळ लिहा, संक्रांत त्यातून काढा.

घड्याळाचाही घोळ असतो. चंद्रावर माणूस उतरला ती तारीख २० जुलै १९६९ अशी छापतात. यान उतरलं तेव्हा आपल्याकडे २१ ची पहाट होती, पावणेदोनच्या सुमारास, आणि आर्मस्ट्राँगने पाऊल टाकलं तेव्हा सकाळचे साडेआठ वाजत आले होते. मी ही ओळ २१ जुलैला लिहिते आणि कंसात 'भारतीय वेळ' टाकते.

वार जुळतो का पाहा

तारीख पडताळायची सर्वांत स्वस्त युक्ती म्हणजे वार. विसाव्या-एकविसाव्या शतकात दर २८ वर्षांनी तेच कॅलेंडर जसंच्या तसं येतं. १९३० चं कॅलेंडर १९५८ ला, १९८६ ला आणि २०१४ ला आलं. खिळ्यावर जुनी कालनिर्णयं अडकवून ठेवलेली असतील तर रद्दीत घालू नका. २०१४ चं उघडा, २ मार्चला रविवार दिसेल. म्हणजे काळारामाचा सत्याग्रह रविवारी सुरू झाला. येवल्याचा १३ ऑक्टोबर १९३५ काढा, रविवार. नागपूरचा १४ ऑक्टोबर १९५६, तोही रविवार. विजयादशमी तर ठरलेलीच होती, पण बाकीच्या दोन तारखा पाहिल्या की मला वाटतं, मजुरी-नोकरी करणाऱ्या माणसांना येता यावं हा विचार त्यामागे असणार. एखाद्या आठवणीत किंवा पत्रात वार दिलेला असेल आणि तो तारखेशी जुळत नसेल, तर दोन्हींपैकी एक चूक आहे हे नक्की, आणि मग पुढचा शोध घ्यायचा.

जुन्या वर्तमानपत्रावरून तारीख घेताना बातमीतला 'काल' वाचा. अंकावरची तारीख बहुतेक वेळा दुसऱ्या दिवसाची असते. आणि दोन ठिकाणी एकच तारीख मिळाली की पडताळणी झाली असं मानू नका. दोघांनीही तिसरीकडून उतरवलेलं असू शकतं. मी एक आधार विश्वकोशाचा किंवा चरित्रकोशाचा घेते. नाशिकचं जुनं काही असेल तर १८८३ चं जिल्हा गॅझेटियर, आणि बाकीसाठी सावाना (सार्वजनिक वाचनालय, नाशिक) आहेच, १८४० पासूनचं वाचनालय गावात असताना मोबाइलवर का अडून राहायचं? वहीत प्रत्येक नोंदीपुढे पेन्सिलीने आधार लिहा. काउंटरवर येऊन हुज्जत घालणारे निवृत्त सर प्रत्येक गावात असतात. त्यांना वही उघडून दाखवली की तेही आणखी दोन तारखा देऊन जातात.

मोबाइलवरचं एक ठळक उदाहरण सांगते. १४ फेब्रुवारीला भगतसिंगांना फाशी झाली, असा निरोप दरवर्षी फिरतो. फाशी २३ मार्च १९३१ ला झाली, राजगुरू आणि सुखदेव यांच्यासह. हे शाळेच्या पुस्तकात आहे.

एक फळा भरून पाहू

१८ एप्रिल घ्या, फार दाटीची तारीख आहे. १८५८ धोंडो केशव कर्वे यांचा जन्म. १८५९ तात्या टोपे यांना शिवपुरीला फाशी. १८९८ दामोदर चापेकर यांना येरवड्यात फाशी. १९०६ सॅन फ्रान्सिस्कोचा भूकंप. १९५१ पोचमपल्लीत विनोबांना पहिलं भूदान. १९५५ आइन्स्टाइनचं निधन. शिवाय जागतिक वारसा दिन. सात नोंदी, ओळी चार.

तात्या टोपे ठेवणारच, ते येवल्याचे. चापेकर आणि तात्या, दोन फाशी एकाच दिवशी, दोघेही मराठी, मधे एकोणचाळीस वर्षं. ही जोडी तोडवत नाही. कर्व्यांची ओळ मुलींच्या शिक्षणासाठी हवीच, माझं निम्मं गिऱ्हाईक मुली आहेत. चौथ्या जागेला विनोबा आणि आइन्स्टाइन यांच्यात ओढाताण होते. आइन्स्टाइनला १४ मार्च हा जन्मदिवस मिळतो, १८७९ चा, आणि योगायोगाने हॉकिंगही २०१८ साली त्याच तारखेला गेला, म्हणजे त्याची सोय तिकडे झाली. विनोबा राहिले. भूकंप गेला. वारसा दिन वरच्या कोपऱ्यात, तारखेशेजारी, तिरक्या अक्षरात: 'पांडवलेणी पाहून या.' फळा असा दिसला:

१८५९ : येवल्याचे तात्या टोपे यांना शिवपुरी येथे फाशी
१८९८ : दामोदर चापेकर यांना येरवडा तुरुंगात फाशी
१८५८ : महर्षी धोंडो केशव कर्वे यांचा जन्म
१९५१ : पोचमपल्लीत विनोबांना पहिलं भूदान

'थोर', 'महान', 'क्रूर' असली विशेषणं खडू खातात, गाळा. ज्यांच्यावरून वाद होतात अशा माणसांच्या बाबतीत तर फक्त काय घडलं ते लिहा, तारीख द्या आणि आत जाऊन बसा. पुण्यतिथीला 'हार्दिक शुभेच्छा' लिहिलेले फळे मी पाहिले आहेत. स्मृतिदिनाला अभिवादन असतं, शुभेच्छा नाही. आणि तिथीने येणाऱ्या गोष्टींना तारखेच्या पानावर जागा देऊ नका. रंगपंचमीच्या रहाडी (रंगाच्या पाण्याचे जुने हौद), रामनवमी, बारा वर्षांनी येणारा सिंहस्थ यांच्यासाठी वहीच्या शेवटची उरलेली पानं आहेत.

खडू साधा पांढराच वापरा. लाल खडू काळ्या फळ्यावर उन्हात दिसत नाही. पावसाळ्यात फळा आदल्या रात्री भरून आत ठेवा, सकाळी नुसता टांगायचा. ओल्या फळ्यावर खडू उठत नाही.

२९ फेब्रुवारीचं पान मोकळं सोडू नका. १८९६ ला मोरारजी देसाई आणि १९०४ ला नृत्यांगना रुक्मिणीदेवी अरुंडेल, दोघांचा जन्म त्या तारखेचा. मुलांना विचारा, मोरारजींचा पहिला वाढदिवस कधी आला असेल? ती १९०० म्हणतात. १९०० ला २९ फेब्रुवारी नव्हता. शंभराने भाग जाणारं साल चारशेनेही विभागलं जात नसेल तर लीप वर्ष धरत नाहीत. म्हणजे पहिला वाढदिवस १९०४ चा, रुक्मिणीदेवी जन्मल्या त्याच दिवशी. हा फळा २०२८ ला लागेल. ओळी लिहून ठेवल्या आहेत.